पट्टा आधी बोलतो

(समुदाय रेडिओवर आमच्या गटाने केलेलं भाषण)

कामं आवरून बसला असाल, नाहीतर निवडणं-टिपणं करता करता ऐकत असाल. हात चालू राहू द्या, कान तेवढे इकडे द्या.

आज आम्ही गाडीबद्दल बोलणार आहोत. आमच्या गटाने कर्ज काढून भाजीपाला वाहायला पिकअप घेतली, हे तुमच्यापैकी बऱ्याच जणींना माहीत आहे. त्या गाडीतल्या एका रबरी पट्ट्याने आम्हाला जो धडा शिकवला, तो आज सांगायचा आहे. तुमच्या गटाकडे गाडी नसली तरी घरी ट्रॅक्टर असेल, दिराची पिकअप असेल, मुलाची रिक्षा टेम्पो असेल. म्हणून ऐका.

पिठाची गिरणी आपण सगळ्यांनी पाहिली आहे. मोटर एकीकडे, जातं दुसरीकडे, आणि दोघांना जोडणारा पट्टा. पट्टा सैल झाला की मोटर फिरते, पण जातं मंद होतं. दाणे जास्त टाकले की पट्टा सरकतो, किंचाळतो, जळका वास येतो. गिरणीवाला लगेच मोटर बंद करतो. गाडीतही अगदी हेच आहे. इंजिनाच्या पुढच्या बाजूला एक मोठी पुली फिरत असते. तिच्यावरचा पट्टा अल्टरनेटर फिरवतो. आपल्याकडे मेकॅनिक त्याला डायनामोच म्हणतात. हा डायनामो वीज तयार करतो. त्या विजेवर दिवे, हॉर्न, वायपर चालतात आणि बॅटरी भरते. बॅटरी म्हणजे घरातली पाण्याची टाकी, आणि डायनामो म्हणजे तिच्यात पाणी चढवणारी मोटर. मोटर बंद पडली तरी टाकीत आहे तोवर पाणी मिळतं. मग नळ कोरडा.

आता आमची गोष्ट. आमच्या गाडीवर ड्रायव्हर आहे ती आमच्या गटातलीच एक सून. रीतसर लायसन्स काढलं, वर्षभर गाडी चालवतेय. एका महिन्याच्या बैठकीत ती म्हणाली, “सकाळी गाडी सुरू केली की किर्र आवाज येतो. दिवे लावले की वाढतो. पट्टा बदलायला हवा.” आम्ही विचारलं, गाडी चालते ना? ती म्हणाली, चालते. मग आम्ही म्हणालो, कर्जाचा हप्ता आहे, विम्याचे पैसे भरायचेत, पट्ट्याचं पुढच्या महिन्यात बघू. प्रोसिडिंग बुकात तसंच लिहिलं आहे, “पुढील महिन्यात बघणे.” खाली आमच्या सगळ्यांच्या सह्या आहेत. हे आम्ही मुद्दाम सांगतोय, कारण पुढे जे झालं त्याचा दोष आम्ही आधी भलत्याच माणसाला दिला.

त्यानंतर पंधरा दिवसांनी कोथिंबीर आणि मेथीचा माल घेऊन गाडी वाशीच्या बाजाराला निघाली. रात्रीची वेळ. केबिनमध्ये ड्रायव्हर आणि आमच्यातल्या दोघी. घोटी मागे टाकली, पुढे इगतपुरी आणि मग कसारा घाट. घाटाच्या अलीकडे समोरच्या काट्यांजवळ लाल दिवा लागला, बॅटरीचं चित्र असलेला. किर्र आवाज एकदम थांबला होता. आम्हा दोघींना वाटलं, बरं झालं, आवाज गेला. तिने मात्र गाडी हळूहळू डावीकडे घेतली आणि थांबवली.

आम्ही म्हणालो, “अगं, गाडी चालतेय ना? घाट तर उताराचा आहे, उतरून जाऊ. बाजार निघून जाईल, पाला सुकेल.” ती म्हणाली, “काकू, पट्टा तुटलाय. मी घाटात गाडी घालणार नाही.” आम्ही रागावलो, तरी तिने ऐकलं नाही. बॉनेट उघडलं तर पट्ट्याची चिंधी खाली लोंबत होती.

पाला सुकलाच. १८,००० रुपयांच्या मालाचे जेमतेम ४,००० हाती आले, तेही इगतपुरीतच पडत्या भावाने विकून. गावात आल्यावर पारावर चर्चा सुरू झाली, “बाईच्या हातात गाडी दिली की असंच व्हायचं.” आणि मैत्रिणींनो, आम्ही त्याला उत्तर दिलं नाही. आमच्यातल्या काही जणींनी तर ‘आता पुरुष ड्रायव्हर ठेवू’ असंही बोलून दाखवलं. ती बैठकीत गप्प बसून होती.

मग तालुक्याचे जुने मिस्त्री गाडी बघायला आले. त्यांनी डायनामो दाखवला आणि त्याच्या पाठीला बसवलेला एक छोटा पंप दाखवला. म्हणाले, “ह्या पट्ट्यावर काय काय चालतं, ठाऊक आहे का?” त्यांनी जे सांगितलं ते तुम्हीही ऐका.

पहिलं, डायनामो. पट्टा तुटला की वीज तयार होणं बंद. रात्री हेडलाइट लावून चाललं की बॅटरी उतरत जाते, दिवे पिवळे पडतात. नव्या गाड्यांचं इंजिन विजेच्या यंत्रणेवरच चालतं, त्यामुळे बॅटरी संपली की इंजिनही बंद पडतं.

दुसरं, आमच्या गाडीत तोच पट्टा पाण्याचा पंप आणि पंखाही फिरवतो. पंप थांबला की इंजिनातलं पाणी फिरत नाही, इंजिन तापतं. तसंच दामटलं तर हेड गॅस्केट जळतं, आणि तो खर्च पट्ट्याच्या कितीतरी पट असतो.

तिसरं ऐकून आम्ही गारच पडलो. बऱ्याच डिझेल पिकअपमध्ये डायनामोच्या पाठीला जो छोटा पंप असतो, तो व्हॅक्यूम पंप. ब्रेक दाबताना पायाला जी मदत मिळते, ती त्याच्यामुळे. तो थांबला की एक-दोन वेळा ब्रेक नेहमीसारखा लागतो. मग पेडल दगडासारखं घट्ट होतं. ब्रेक असतो, पण सगळा जोर पायाने लावावा लागतो. भरलेली गाडी, रात्र, मंद दिवे आणि कसारा घाटाचा उतार! मिस्त्री म्हणाले, “पोरीने गाडी थांबवली म्हणून तुम्ही तिघी इथं आहात.”

त्या दिवशी आम्ही बैठक परत बोलावली. तिची माफी मागितली आणि ती प्रोसिडिंगमध्ये लिहिली. मग ठरवलं की ज्या वस्तूवर आपला जीव आणि माल दोन्ही टांगलेत, ती वस्तू आपल्याला ओळखता आली पाहिजे. मिस्त्रींना अंगणात बसवून आम्ही सगळ्या शिकलो. तेच आता सांगतो.

आधी लक्षणं. पट्टा तुटण्याआधी बोलतो, आपण ऐकायला हवं. सकाळी गाडी सुरू करताना किंवा दिवे लावल्यावर किर्र आवाज आला, तर पट्टा सैल किंवा गुळगुळीत झाला असण्याची शक्यता मोठी. दिवे मंद होऊन रेस केल्यावर उजळत असतील, बॅटरी वारंवार उतरत असेल, तरीही पट्टा बघा. बॅटरीच्या लाल दिव्याची एक खूण पक्की ठेवा. चावी फिरवली की तो लागला पाहिजे आणि इंजिन सुरू झालं की विझला पाहिजे. चावी फिरवून लागतच नसेल, तर तो दिवाच बिघडला असू शकतो. मग संकटात तो तुम्हाला काही सांगणार नाही.

आठवड्यातून एकदा, इंजिन थंड आणि बंद असताना, चावी काढून खिशात ठेवून, पट्टा हाताने उलटा करून बघा. आतल्या बाजूला भेगा आहेत का? कडेचे धागे निघालेत का? बाजू आरशासारख्या चकचकीत झाल्यात का? तेल लागून पट्टा फुगलाय का? यातलं एकही दिसलं तर पट्टा बदलायचा. तेल दिसलं तर आधी ते कुठून गळतंय ते शोधायचं, नाहीतर नवा पट्टाही तसाच जाईल.

आवाज बंद करायला काही जण पट्ट्याला साबण किंवा मेण घासतात. आमच्याही गाडीला कुणीतरी घासलं होतं. आवाज दोन दिवस थांबतो, दुखणं तसंच राहतं. रडणाऱ्या पोराच्या तोंडात बोळा कोंबण्यासारखं आहे ते. करू नका.

प्रत्येक किरकिर पट्ट्याचीच असते असंही नाही. पुलीचं बेअरिंग गेलं तरी घरघर येते. म्हणून मल्टिमीटर घ्या. इलेक्ट्रिकच्या दुकानात साधा मिळतो आणि एका गटाला एक पुरतो. गाडी बंद असताना चांगल्या भरलेल्या बॅटरीवर साधारण १२.६ व्होल्ट दिसतात. इंजिन चालू केल्यावर साधारण १३.५ ते १४.५ दिसले म्हणजे डायनामो काम करतोय. इंजिन चालू असूनही आकडा १२ च्या घरातच राहिला, तर पट्टा, डायनामो किंवा वायर, यातलं काहीतरी बिघडलं आहे.

आता पट्टा कसा निवडायचा. इथेही आम्ही एकदा फसलो. त्या रात्रीनंतर सकाळी इगतपुरीत जो पहिला पट्टा मिळाला तो घातला. दुकानदाराने जुनी चिंधी बघून ‘सेम आहे’ म्हणत दिला. पण तो थोडा लांब होता. डायनामो शेवटच्या टोकापर्यंत ओढला तरी पट्टा पुरेसा ताणला गेला नाही. आठ दिवसांत पुन्हा किरकिर सुरू झाली आणि पुलीखाली काळी भुकटी पडू लागली. ३५० रुपये पाण्यात गेले.

जुना पट्टा वापरून थोडा लांबलेला असतो, झिजून अरुंदही झालेला असतो. म्हणून नुसता मापून किंवा नजरेने बघून नवा घेऊ नका. नंबर वाचा. पट्ट्याच्या पाठीवर तो छापलेला असतो. पुसला असेल तर गाडीच्या पुस्तकात बघा, किंवा गाडीचं मॉडेल, साल आणि इंजिन सांगून पार्टच्या दुकानातल्या यादीतून काढून घ्या. एकाच नावाच्या गाडीत साल बदललं की पट्टा बदलू शकतो.

पट्टे मुख्यतः दोन प्रकारचे. एक कापलेल्या पाचरीसारखा, वर रुंद आणि खाली निमुळता. त्याला व्ही-बेल्ट म्हणतात. त्यावर ‘एव्हीएक्स १३ x १०००’ असं काही लिहिलेलं असतं. हे नुसतं उदाहरण हं, तुमच्या गाडीचं माप वेगळं असेल. त्यात १३ म्हणजे वरची रुंदी १३ मिलिमीटर, आणि १००० म्हणजे लांबी १००० मिलिमीटर. पुढे ‘एलए’ सारखी अक्षरं असतील तर तीही लिहून घ्या. लांबी पट्ट्याच्या बाहेरून मोजली की आतून, हे त्यावरून कळतं आणि त्यात फरक पडतो.

दुसरा पट्टा चपटा असतो, आतून नांगरलेल्या शेतासारख्या सरी असलेला. त्यावर ‘६ पीके १७५०’ असं लिहितात. ६ म्हणजे सहा उभ्या धारा, पीके हा धारांचा प्रकार आणि १७५० म्हणजे मिलिमीटरमध्ये लांबी. सहाच्या जागी पाच धारांचा ‘चालून जाईल’ असं कुणी म्हणालं तर घेऊ नका. या पट्ट्याला झिजूनही भेगा पडतीलच असं नाही. सरी जास्त खोल आणि रुंद झाल्यात का तेही बघा.

घेताना पाकीट फाटलेलं नको. पट्टा कडक पडलेला, घडी पडून मोडलेला नको. बिल घ्या. नंबर वहीत लिहा आणि गाडीच्या बॉनेटच्या आतल्या बाजूला रंगाने लिहून ठेवा. आम्ही लिहिला आहे.

आता बदलायचा कसा. आमच्या गाडीत व्ही-बेल्ट आहे, त्याची पद्धत सांगतो. आधी स्वतःची तयारी. पदर कमरेला घट्ट खोचा. साडीवर शर्ट चढवला किंवा सरळ सलवार-कुर्ता घालून ओढणी घरी ठेवली तर उत्तम. वेणी वर बांधा. अंगठी आणि धातूच्या बांगड्या काढा. बॅटरी किंवा डायनामोच्या जाड वायरीला बांगडी आणि पाना एकदम टेकले तर ठिणगी पडते, बांगडी लालबुंद तापते आणि मनगट भाजतं. मंगळसूत्र काढायचं नसेल तर ब्लाउजच्या आत खोचून वरून शर्टाची बटणं लावा.

गाडी सपाट जागी. हँडब्रेक ओढलेला, चाकांना दगड लावलेले. इंजिन पूर्ण थंड. चावी जी काम करते तिच्याच खिशात. मग बॅटरीची काळी म्हणजे वजा खुणेची वायर सोडवून बाजूला ठेवा.

जुना पट्टा काढण्याआधी तो कोणत्या पुलीवरून कसा जातो त्याचा मोबाइलवर फोटो काढा. डायनामोला खाली एक बोल्ट असतो, त्यावर तो झुलतो. वर लांबट खाचेच्या पट्टीत दुसरा बोल्ट असतो, त्याने ताण ठरतो. दोन्ही सैल करा, पूर्ण काढू नका. डायनामो इंजिनाकडे ढकला. पट्टा सैल होईल. पंख्याच्या एकेका पात्यावरून तो सोडवून घ्या.

मग नवा पट्टा लगेच घालू नका. प्रत्येक पुली हाताने फिरवून बघा. खरखर होते का, डुगडुगते का? खाचेत तेल, माती असेल तर कोरड्या फडक्याने पुसा. पुल्या एका रेषेत आहेत का, समोरून नीट बघा. खाचेचा तळ चकचकीत झाला असेल तर पट्टा तळाला टेकत होता. व्ही-बेल्टने बाजूच्या भिंतींना धरायचं असतं, तळाला नाही. मग पुली झिजली असेल किंवा पट्टा चुकीच्या मापाचा असेल.

नवा पट्टा आधी खालच्या मोठ्या पुलीवर, मग पंख्याच्या पुलीवर आणि शेवटी डायनामोवर घाला. डायनामो आत ढकललेला असेल आणि माप बरोबर असेल, तर तो हातानेच बसतो. स्क्रू-ड्रायव्हरने चढवू नका, आतले धागे तुटतात आणि बाहेरून दिसतही नाही.

आता डायनामो बाहेर ओढून ताण द्या. लाकडी दांडा त्याच्या भक्कम भागाला लावून हळू रेटा, आणि दुसरीने वरचा बोल्ट आवळावा. हे दोघींचं काम आहे. मग सर्वांत लांब मोकळ्या भागावर मधोमध अंगठ्याने चांगलं दाबा. साधारण १० मिलिमीटर, म्हणजे करंगळीच्या जाडीइतका पट्टा दबला पाहिजे. तुमच्या गाडीच्या पुस्तकात वेगळा आकडा असेल तर तोच खरा. फार सैल असेल तर सरकतो. फार घट्ट असेल तर डायनामोचं आणि पाण्याच्या पंपाचं बेअरिंग खातो. चोळीची गाठ बांधतो तसं, सुटू नये आणि श्वासही अडू नये.

दोन्ही बोल्ट पक्के आवळा. पाने, फडकी सगळी मोजून बाहेर काढा. वायर परत जोडा. सगळ्या जणी बाजूला झाल्यावरच गाडी सुरू करा. लाल दिवा विझला का, आवाज नाही ना, हे बघा. दहा-पंधरा मिनिटं चालवून इंजिन बंद करा, थंड होऊ द्या आणि ताण पुन्हा तपासा, कारण नवा पट्टा थोडा सैलावतो. आठवड्याने परत एकदा बघा.

सरीच्या पट्ट्याच्या बऱ्याच गाड्यांत ताण देणारी स्प्रिंगची पुली असते. तिथे असा दांडा लावायचा नाही. तिचा पाना वेगळा आणि पट्ट्याची वाट वळणांची, म्हणून पहिल्यांदा मेकॅनिकसमोरच शिका. आणखी एक. इंजिनाच्या झाकणाआड काही गाड्यांत टायमिंग बेल्ट असतो. तो वेगळा. त्याला आपण हात लावायचा नाही.

रस्त्यात लाल दिवा लागला तर काय करायचं? डावीकडे सुरक्षित जागी थांबा. चारही इंडिकेटर लावा, मागे लाल त्रिकोण ठेवा आणि सगळ्यांनी रस्त्यापासून लांब उभं राहा. तापलेल्या रेडिएटरचं झाकण उघडू नका, उकळतं पाणी अंगावर उडतं. दोरी, ओढणी बांधून पुढे जाण्याच्या फंदात पडू नका. आणि घाट समोर असेल तर थांबणं म्हणजे भित्रेपणा नव्हे.

आता आमच्या गाडीत सीटखाली एक जादा पट्टा, दोन पाने, टॉर्च आणि मल्टिमीटर असतो. दर फेरीचे ५० रुपये दुरुस्तीच्या वेगळ्या खात्यात पडतात. हप्ता भरायला पैसे कमी पडले तरी त्याला हात लावायचा नाही, असा ठराव केलाय. बैठकीत दुसराच विषय आता ‘गाडी काय म्हणते’ हा असतो, आणि तो ड्रायव्हर मांडते. तिने ‘बदलायला हवं’ म्हटलं की ‘पुढील महिन्यात बघणे’ असं लिहायला आमच्याकडे बंदी आहे.

पारावरच्या लोकांनाही उत्तर मिळालं. मागच्या महिन्यात गावातल्याच एका टेम्पोचा पट्टा किरकिरत होता. आमच्या ड्रायव्हरने जाता जाता आवाज ऐकला आणि टेम्पोवाल्या दादांना सांगितलं. ते आधी हसले, मग बॉनेट उघडलं. पट्ट्याच्या आतल्या बाजूला नखाएवढ्या भेगा होत्या. तिने नंबर वाचून दाखवला आणि त्यांनी तो तळहातावर लिहून घेतला.

मैत्रिणींनो, उद्या सकाळी घरच्या गाडीचं बॉनेट उघडायला सांगा. इंजिन बंद असू दे, चावी हातात असू दे. पट्टा उलटा करून एकदा बघा, आणि नंबर वहीत लिहून ठेवा. येतो आम्ही. नमस्कार.